बोटीच्या कर्जाचा निकाल बँकेच्या बाजूने लागला: पुनर्विलोकन अर्ज की अपील?

मिरकरवाडा_जेट्टी

मंडळी, रत्नागिरीतल्या एका बोटमालकाच्या प्रकरणात नेमका सल्ला हवा आहे. वकील दिलेला आहे, पण पुढचा रस्ता कुठला यावर घरात दोन मते पडली आहेत.

राष्ट्रीयीकृत बँकेचे २०१६ चे ६ लाखांचे मुदत कर्ज, इंजिन आणि जाळ्यांसाठी घेतलेले. बोट आणि इंजिन नजरगहाण (ताबा कर्जदाराकडेच ठेवून दिलेले तारण), एक जामीनदार. हप्ते २०१९ पासून थकले. बँकेने नोव्हेंबर २०२२ मध्ये दिवाणी न्यायालय, वरिष्ठ स्तर, रत्नागिरी येथे दावा लावला. १६ जूनला निकाल झाला. कर्जदार आणि जामीनदार या दोघांनी मिळून किंवा एकेकट्याने ८,१२,४०० रुपये द्यावेत आणि त्यावर दावा दाखल तारखेपासून पूर्ण फिटेपर्यंत दरसाल ११.५ टक्के व्याज द्यावे, असा हुकूमनामा आहे.

तक्रारी तीन. पहिली, फेब्रुवारी २०२२ मध्ये भरलेले ४०,००० रुपये. पावती निशाणी ३१ ला (कोर्टाने पुराव्याच्या कागदाला दिलेला क्रमांक) दाखल आहे, पण निकालपत्रात तिचा उल्लेखच नाही आणि रक्कमही वजा झालेली नाही. दुसरी, दावा चालू असताना यंदा मार्चमध्ये बँकेत भरलेले २५,००० रुपये. त्याची पावती कोर्टात दिलीच गेली नाही. तिसरी, खात्याच्या उताऱ्यात दर महिन्याला दंडव्याज नावे टाकले आहे आणि पुढच्या महिन्यात त्यावरही व्याज लावले आहे.

नक्कल अर्ज २३ जूनला दिला, नक्कल ७ जुलैला तयार झाली. बोट सध्या शाकारून किनाऱ्यावर ओढलेली आहे. बँक दरखास्त (हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज) लावून बोट जप्त करेल का, ही मोठी भीती. पुनर्विलोकन अर्ज (त्याच कोर्टाला निकाल पुन्हा तपासायला सांगणे), अपील, की दोन्ही?

---

जुना_नाजर

अपील. आणि त्याच्यासोबत स्थगितीचा अर्ज. बाकी सगळे त्यानंतर.

आधी तारखा बघा, कारण अशी प्रकरणे मुद्द्यावर कमी आणि मुदतीवर जास्त हरतात. जिल्हा न्यायालयात अपिलाला ३० दिवस. निकालाचा दिवस सोडून मोजायचे, म्हणजे मूळ मुदत १६ जुलै. यात नक्कल मिळवायला लागलेले दिवस वाढवून मिळतात: २३ जून ते ७ जुलै, दोन्ही दिवस धरून १५. म्हणजे शेवटची तारीख ३१ जुलै. नकलेच्या शेवटच्या पानावर अर्जाची तारीख, तयार झाल्याची तारीख आणि दिल्याची तारीख असे शिक्के असतात, ते स्वतः तपासून घ्या. बरेच जण इथेच फसतात. नक्कल ७ ला तयार झाली आणि तुम्ही १५ ला जाऊन आणली, तर मधले आठ दिवस तुमच्या खात्यातून गेले. वाढ मिळते ती फक्त तयार होईपर्यंतची. शेवटच्या दिवशी कोर्टाला सुट्टी असेल तर कोर्ट उघडेल त्या दिवशी दाखल करता येते, पण त्या भरवशावर बसू नये.

हुकूमनाम्याचा कागद तयार व्हायची वाट बघत थांबू नका. अपिलाला निकालपत्राची सही-शिक्क्याची नक्कल जोडली की पुरते.

दुसरी गोष्ट लोकांना पटतच नाही. अपील दाखल झाले म्हणजे वसुली थांबली असे होत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश ४१ नियम ५ तसे सरळ सांगतो. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि तीन गोष्टी दाखवाव्या लागतात: स्थगिती नाही मिळाली तर मोठे नुकसान होईल, अर्ज विनाकारण उशिराने केलेला नाही, आणि हुकूमनाम्याच्या रकमेसाठी तारण किंवा हमी द्यायची तयारी आहे. पैशाच्या हुकूमनाम्यात कोर्ट बहुतेकदा काही रक्कम भरायला सांगते. किती, ते कोर्ट ठरवते. हातात काहीच न घेता स्थगिती मागायला गेलात तर अर्ज पडायचीच शक्यता जास्त. जी रक्कम तुम्हाला मान्य आहे ती तरी भरायची सोय करून ठेवा.

बँकेने कॅव्हेट (आम्हाला ऐकल्याशिवाय आदेश करू नका असा आगाऊ अर्ज) लावले आहे का तेही आधी बघा. कॅव्हेट ९० दिवस चालते. असेल तर त्यांना नोटीस आणि कागद दिल्याशिवाय एकतर्फी आदेश मिळणार नाही आणि दोन दिवस त्यातच जातील.

---

खारभूमी७२

एवढा खर्च कशाला? आधी त्याच कोर्टात पुनर्विलोकन अर्ज द्या. निशाणी ३१ राहून गेली हे तर ढळढळीत दिसते. तो फेटाळला तर मग अपील आहेच.

---

किरकोळ_अर्ज

खारभूमी, हाच सल्ला लोकांना बुडवतो. पुनर्विलोकनाचीही मुदत ३० दिवसच आहे आणि तो अर्ज पडून असताना अपिलाची मुदत थांबत नाही. तो फेटाळला जाईपर्यंत चार-सहा महिने जाणार. मग अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज, त्यावर बँकेचे म्हणणे, त्यावर सुनावणी. आणि उशिराच्या अपिलात विलंबाचा प्रश्न सुटून अपील ऐकायचे ठरत नाही तोवर स्थगिती देता येत नाही, आदेश ४१ नियम ३अ. म्हणजे नेमक्या गरजेच्या वेळी हात रिकामे. शिवाय पुनर्विलोकन फेटाळल्याच्या आदेशावर अपील नाही, आणि पुनर्विलोकनाच्या निकालाचे पुन्हा पुनर्विलोकनही नाही.

पुनर्विलोकन कशासाठी आहे ते नीट समजून घ्या. दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम ११४ आणि आदेश ४७. कारणे तीन: पुरेशी काळजी घेऊनही आधी हाती न लागलेला नवा महत्त्वाचा पुरावा, रेकॉर्डवर सरळ डोळ्यांना दिसणारी चूक, किंवा त्याच जातीचे दुसरे पुरेसे कारण. चूक दाखवायला लांबलचक युक्तिवाद लागत असेल तर ती ‘डोळ्यांना दिसणारी’ नव्हे. सर्वोच्च न्यायालयाने पार्सिओन देवी विरुद्ध सुमित्री देवी (१९९७) मध्ये हेच म्हटले आहे: पुनर्विलोकन म्हणजे वेष बदललेले अपील नाही. आणि अर्ज जातो त्याच न्यायाधीशांपुढे, म्हणजे ज्यांनी निकाल दिला त्यांनाच तुम्ही ‘चुकलात’ म्हणणार.

आता तुमच्या तीन तक्रारी या चाळणीतून काढू.

४०,००० रुपये. पावती निशाणी पडलेली आहे, बँकेच्या साक्षीदाराने ती नाकारलेली नसेल, आणि तरी निकालपत्रात तिचा शब्दही नाही. हा पुनर्विलोकनात बसू शकणारा मुद्दा. पण उलटतपासणीत बँकेचा अधिकारी ‘ही रक्कम दुसऱ्या खात्याला जमा केली’ असे म्हणाला असेल, तर मग पुरावा तोलण्याचा प्रश्न आला आणि तो अपिलाचा झाला. साक्षीची पाने काढून हे एक वाक्य शोधा.

२५,००० रुपये. पावती तुमच्याच घरात होती. मग ती ‘काळजी घेऊनही न सापडलेला पुरावा’ कशी होणार? पुनर्विलोकनात हे चालणार नाही. अपिलात आदेश ४१ नियम २७ खाली जादा पुरावा म्हणून अर्ज करता येईल, पण तिथेही ‘आधी का नाही दिली’ हा प्रश्न येणारच. सर्वांत सोपा उपाय कोर्टाबाहेर आहे: बँकेला लेखी पत्र द्या, पावतीची प्रत जोडा, पोच घ्या आणि खात्याचा मार्चनंतरचा उतारा मागा. रक्कम उताऱ्यात जमा दिसली की बँकेला ती नाकारता येत नाही आणि बँकेचे वकील अपिलात पुरसिस (कोर्टाला लेखी निवेदन) देऊन मोकळे होतात. हे आत्ता नाही केले आणि दरखास्तीत जाऊन सांगायचे ठरवले, तर दरखास्त कोर्ट म्हणेल, हे पैसे निकालाआधीचे आहेत, हुकूमनाम्याच्या पलीकडे मला जाता येत नाही. निकालानंतर भरलेल्या पैशाची गोष्ट वेगळी. कोर्टाबाहेर भरलेली रक्कम आदेश २१ नियम २ खाली कोर्टात नोंदवून घ्यावी लागते आणि त्यासाठी कर्जदाराला ३० दिवस असतात. नोंद नसेल तर दरखास्त कोर्ट ती हिशेबातच घेत नाही. म्हणून यापुढे एक रुपयाही भरलात तर त्याच आठवड्यात वकिलाला पावती द्या.

दंडव्याज हा हिशेबाचा आणि कायद्याचा मिश्र प्रश्न आहे. तो शुद्ध अपिलाचा.

आणखी एक तिसरी वाट आहे, तिच्याकडे कुणी बघत नाही. निकालपत्राच्या मजकुरात न्यायाधीशांनी ‘४०,००० वजा करावेत’ असे लिहिले असेल आणि शेवटच्या आदेशात आकडा चुकून तसाच राहिला असेल, तर कलम १५२. बेरीज-वजाबाकीची किंवा लेखनाची चूक. याला मुदत नाही, खर्चही किरकोळ. तुमच्या बाबतीत मजकुरातही उल्लेख नाही म्हणता, तेव्हा हे लागणार नाही. तरी निकालपत्र एकदा शेवटच्या ओळीपर्यंत वाचा. लोक आदेशाचे पान वाचतात आणि मधली वीस पाने सोडतात.

---

खातेउतारा

दंडव्याजाबद्दल लिहितो, कारण ‘जास्त व्याज लावले’ एवढेच अपिलात लिहून उपयोग नाही. बँकिंग नियमन कायद्याचे कलम २१अ कोर्टाला सांगते की बँकेचा व्याजदर भारी आहे एवढ्या कारणावरून व्यवहार पुन्हा उघडू नका. म्हणजे दराबद्दल भांडण नाही. भांडण करायचे ते करारात नसलेल्या किंवा नियमाने न चालणाऱ्या आकारणीबद्दल. आधार आहे सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या खंडपीठाचा: सेंट्रल बँक ऑफ इंडिया विरुद्ध रवींद्र, २००१. ठरलेल्या मुदतीने नियमित व्याज मुद्दलात मिळवता येते आणि तसे मिळवले की ते मुद्दलच होते, हे त्यात बँकेच्या बाजूचे. दंडव्याज मात्र मुद्दलात मिळवता येत नाही, हे कर्जदाराच्या बाजूचे. दोन्ही वाचा, कारण बँकेचे वकील पहिला अर्धाच वाचून दाखवतात.

उतारा असा तपासायचा. कर्ज मंजुरीपत्र, कराराची प्रत आणि उतारा शेजारी ठेवा. मंजुरीपत्रातून तीन गोष्टी टिपा: व्याजदर, व्याज महिन्याला की तिमाहीला, दंडव्याजाचा दर आणि तो कशावर. ‘थकीत हप्त्यावर’ आणि ‘संपूर्ण येणे बाकीवर’ यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. मग उताऱ्यातली प्रत्येक नावे नोंद रंगवा: व्याज एका रंगाने, दंडव्याज दुसऱ्या, आणि विमा, तपासणी खर्च, नोटीस खर्च, वकील फी तिसऱ्या. विम्याचा हप्ता बँकेने भरून नावे टाकला असेल तर तो चालतो, पण विमा खरोखर काढला होता का ते पॉलिसी मागून बघा.

दंडव्याजाचा परिणाम किती होतो ते आकड्यात. समजा बाकी ४,२०,००० आणि दंडव्याज २ टक्के. वर्षाला ८,४००, महिन्याला ७००. वेगळे ठेवले तर पाच वर्षांत ४२,०००. पण हेच ७०० रुपये दर महिनाअखेर खात्यात नावे टाकून त्यावर ११.५ टक्के मासिक व्याज चालू दिले, तर पाच वर्षांनी ते साधारण ५६,४०० होतात. फरक १४,४०० च्या आसपास, आणि तोही फक्त एका छोट्या टक्क्याचा. असा तक्ता एक्सेलमध्ये काढून सनदी लेखापालाच्या सहीने अपिलाच्या कागदांत ठेवा. नुसता शब्दांचा मुद्दा न्यायाधीशांना पेलायला लावू नका.

इथे एक अडचण आहे. हा मुद्दा कैफियतीत (दाव्याला दिलेल्या लेखी उत्तरात) घेतला होता का? खालच्या कोर्टात ब्रही काढलेला नसेल तर अपिलात बँक म्हणेल की नवा मुद्दा आहे. बँकेचाच उतारा निशाणी म्हणून रेकॉर्डवर आहे आणि चूक त्यातच दिसते, असे मांडले तर बाजू तगते.

तुमच्या हुकूमनाम्यात आणखी एक गोष्ट खटकते. पूर्ण ८,१२,४०० वर ११.५ टक्के दिले आहेत. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ३४ खाली दाव्यानंतरचे व्याज ‘ठरवलेल्या मुद्दला’वर असते. या आकड्यात दंडव्याज आणि खर्च बसलेले असतील तर त्यावर पुढचे व्याज कसे, हा स्वतंत्र आणि चांगला मुद्दा आहे. याच कलमातल्या निकालानंतरच्या व्याजाच्या ६ टक्क्यांच्या मर्यादेवर मात्र फार आशा ठेवू नका. व्यवहार व्यापारी स्वरूपाचा असेल तर कोर्ट करारातल्या दरापर्यंत देऊ शकते, आणि मासेमारीच्या बोटीचे इंजिन हे धंद्यासाठीच घेतलेले.

कोविडचा काळही बघा. १ मार्च ते ३१ ऑगस्ट २०२० या स्थगनकाळातले व्याजावरचे व्याज आणि दंडव्याज घेता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २३ मार्च २०२१ ला सांगितले. उताऱ्यात त्या सहा महिन्यांचा परतावा जमा दिसतो का? नसेल तर रक्कम लहान असली तरी बँकेच्या हिशेबावरचा विश्वास हलवायला ती कामी येते.

४०,००० बद्दल जाता जाता: त्याच शाखेत बोटमालकाचे दुसरे कर्ज, मत्स्य किसान क्रेडिट कार्ड वगैरे होते का? पैसे भरताना स्लिपवर कर्जखात्याचा क्रमांक लिहिला होता का? भारतीय करार कायद्याच्या कलम ५९ ते ६१ प्रमाणे देणाऱ्याने सांगितले नाही तर घेणारा आपल्या मर्जीने कुठल्याही कायदेशीर येण्यात जमा करू शकतो. स्लिपवर क्रमांक असेल तर बाजू तुमची.

---

मिरकरवाडा_जेट्टी

सगळ्यांचे आभार, फार कामाचे आहे. स्लिप बघितली. कर्जखात्याचा क्रमांक लिहिलेला आहे. दुसरे कर्ज होते, ते २०२३ मध्ये बंद झाले.

अजून दोन प्रश्न. दावा मुदतबाह्य होता असे कुणी म्हणतो: २०१९ ला थकले आणि २०२२ च्या नोव्हेंबरला दावा, तीन वर्षे उलटली. आणि जामीनदाराला वेगळे अपील करावे लागेल का? त्याचे म्हणणे, ‘आधी बोट विका, मग माझ्याकडे या’. त्याच्यावर एका पतसंस्थेचाही वसुली दाखला आलेला आहे, दुसऱ्याच कर्जात. तोही ‘निकाल’च समजायचा का?

---

किरकोळ_अर्ज

मुदतीचा मुद्दा सोडून द्या. १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ सर्वोच्च न्यायालयाने मुदत मोजताना वगळला आहे, १० जानेवारी २०२२ चा आदेश. त्यात फेब्रुवारी २०२२ चे तुमचे ४०,०००. मुदत संपायच्या आत भरलेली रक्कम सहीच्या लेखी नोंदीने दिसत असेल तर तिथून नवी मुदत सुरू होते. एकीकडे ‘आम्ही ४०,००० भरले’ आणि दुसरीकडे ‘दावा मुदतबाह्य’ असे दोन्ही लिहिलेत तर पहिला मुद्दाच दुसऱ्याला कापतो. अपील मेमोत तीसेक मुद्दे भरायची आपल्याकडे रीत आहे, पण चार चांगले पुरतात.

जामीनदार. ‘आधी बोट विका’ हे कायद्यात नाही. करार कायद्याच्या कलम १२८ प्रमाणे त्याची जबाबदारी कर्जदाराइतकीच, आणि बँक थेट त्याच्याकडे जाऊ शकते, हे बँक ऑफ बिहार विरुद्ध दामोदर प्रसाद (१९६९) पासून ठरलेले आहे. त्याच्या बाजूने बघण्यासारखे एवढेच: त्याला न विचारता कर्जाचे पुनर्गठन करून अटी बदलल्या का (कलम १३३), आणि बँकेने तारण हातचे घालवले का (कलम १४१). पण हमीपत्र आधी वाचा. छापील हमीपत्रात हे हक्क सोडल्याची कलमे बहुधा असतातच.

वेगळे अपील बंधनकारक नाही. हुकूमनामा दोघांना समान असलेल्या कारणावर उभा असेल तर एकाच्या अपिलात तो दोघांपुरता बदलता येतो, आदेश ४१ नियम ४. पण जामीनदाराचे मुद्दे वेगळे असतील तर त्याने स्वतःचे अपील करणे शहाणपणाचे, कारण स्थगिती फक्त कर्जदाराला मिळाली तर बँक उद्या त्याच्या दारात. त्याने सगळे भरले तर बँकेचे तारणावरचे हक्क त्याच्याकडे येतात, कलम १४०. मग बोट तो विकायला लावू शकतो.

कोर्ट फीबद्दल कुणी लिहिले नाही म्हणून: अपिलात पूर्ण ८,१२,४०० ला आव्हान द्यायची गरज नाही. ज्या रकमेवर वाद आहे तेवढ्याचेच मूल्यांकन करून तेवढ्यावर फी भरता येते. तुमचे ६५,००० अधिक दंडव्याज, आणि वादातले पुढचे व्याज. बाकीची रक्कम मान्य आहे असे दिसले की स्थगितीच्या अर्जालाही वजन येते.

---

कणकवली_स्टँड

पतसंस्थेचो दाखलो म्हणजे कोर्टाचो निकाल न्हय, ही गल्लत सगळीकडे होता. नीट सांगतो.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम १९६० च्या कलम १०१ खाली निबंधक चौकशी करून वसुली दाखला देतो. त्यावर दिवाणी अपील नाही आणि जिल्हा न्यायालयात जाऊन उपयोग नाही. वाट एकच, कलम १५४ खाली पुनरीक्षण अर्ज, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याने आदेश तपासावा असा अर्ज. पुनर्विलोकन आणि पुनरीक्षण हे दोन वेगळे शब्द आहेत, अर्जाच्या मथळ्यात गोंधळ घालू नका. सहायक किंवा उपनिबंधकांनी दाखला दिला असेल तर अर्ज विभागीय सहनिबंधकांकडे. मुदत आदेश कळल्यापासून दोन महिने. आणि खरी अट पुढे आहे, कलम १५४ (२अ): दाखल्यातल्या एकूण वसूलपात्र रकमेच्या ५० टक्के संस्थेत भरल्याशिवाय अर्ज विचारातच घेतला जात नाही. भरलेली पावती अर्जाला जोडा. ‘नंतर भरतो’ चालत नाही.

पुनरीक्षणात बघायचे ते असे: १०१ च्या अर्जाची नोटीस जामीनदाराला खरोखर बजावली होती का? रोजनाम्याची (तारखांना काय घडले त्या नोंदींची) नक्कल काढा. नोटीस मुंबईच्या जुन्या पत्त्यावर पाठवायची आणि गावात कुणालाच पत्ता नाही, हे कोकणात नेहमीचे. जामीनदाराच्या हमीपत्रावर रक्कम कोरी सोडून नंतर भरली का? व्याज संस्थेच्या ठरावाप्रमाणे आहे का?

वसुली अधिकारी नियम १०७ खाली जप्ती आणि विक्री करतो. स्थावर विकली गेली तर ३० दिवसांत विक्रीच्या रकमेवर ५ टक्के खरेदीदारासाठी आणि थकबाकी-खर्च भरून विक्री रद्द करून घेता येते. सातबाऱ्यावर इतर हक्कात बोजा चढला आहे का ते आजच बघा. आपल्याकडे सातबारा सामाईक, एका गटात बारा-पंधरा नावे. बोजा सगळ्या उताऱ्यावर दिसतो आणि भावबंद अंगावर येतात, पण जप्त होतो तो फक्त जामीनदाराचा हिस्सा. हे हरकतीत लेखी मांडावे.

---

जुना_नाजर

बोटीचे राहिले.

बँक हुकूमनामा झाल्यावर कधीही दरखास्त लावू शकते. हुकूमनामा दोन वर्षांहून जुना नसेल तर दरखास्तीआधी नोटीस द्यायचेही बंधन नाही. आणि मासेमारी बंदी १ जून ते ३१ जुलै, म्हणजे बोट पाण्याबाहेर, शाकारलेली, इंजिन कधी कधी काढून शेडमध्ये. बेलीफाला याहून सोयीचे दिवस नाहीत. समुद्रात गेलेली बोट जप्त करणे किती कटकटीचे ते बँकेलाही माहीत आहे. म्हणून तुमची भीती अगदीच खोटी नाही.

त्यावर उपाय आहे आणि तो फारसा कुणी वापरत नाही. अपिलाची मुदत संपायच्या आत, ज्या कोर्टाने निकाल दिला त्याच कोर्टात स्थगितीचा अर्ज करता येतो, आदेश ४१ नियम ५ (२). अपील तयार व्हायला दहा-बारा दिवस लागणार असतील तर तेवढ्यापुरती तरी ढाल मिळते. अर्जात नक्कल मिळाल्याची तारीख, अपील कधी दाखल करणार आणि किती रक्कम भरायला तयार आहात हे लिहा. शपथपत्र जोडा. ३१ जुलै उलटली की ही वाट बंद.

बेलीफ आलाच तर पंचनाम्यावर सही करण्याआधी बघा: नौकेचा नोंदणी क्रमांक, इंजिनाचा क्रमांक आणि अश्वशक्ती, जाळी किती आणि कुठल्या जातीची, वायरलेस, जीपीएस, डिझेल टाकी. नजरगहाण करारात जाळी नसतील आणि पंचनाम्यात ‘सर्व साहित्यासह’ असे लिहिले असेल तर तिथेच हरकत लिहून घ्या. भावाची जाळी त्याच शेडमध्ये असतील तर त्याला आदेश २१ नियम ५८ खाली स्वतःचा हक्क सांगणारा अर्ज द्यावा लागेल, खरेदीच्या बिलांसह. बिल नसेल तर अवघड. मच्छीमाराची बोट म्हणजे कारागिराचे हत्यार, ती जप्तच होत नाही, असे बंदरावर छातीठोकपणे सांगणारे भेटतील. तारण म्हणून लिहून दिलेल्या बोटीबाबत त्या भरवशावर राहू नका.

सरफेसीची (बँकेला कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊ देणारा कायदा) नोटीस येईल का असे कुणी विचारलेले नाही, तरी: त्या कायद्याच्या कलम ३१ मध्ये नौका वगळलेल्या आहेत, म्हणून बोटीच्या कर्जात बँक दाव्याने येते. घर किंवा बिगरशेती प्लॉट गहाण असता तर गोष्ट निराळी होती, ६० दिवसांची मागणी नोटीस, मग ताबा, आणि त्यावर ४५ दिवसांत कर्जवसुली न्यायाधिकरणात अर्ज. शेतजमीनही वगळलेली आहे, पण सातबाऱ्यावर ‘वरकस’ (हलक्या प्रतीची डोंगरउताराची जमीन) आहे एवढ्यावर निभत नाही. जमीन खरोखर शेतीसाठी वापरात आहे का हे बघितले जाते. गोव्यातल्या ब्लू कोस्ट हॉटेल्सच्या प्रकरणात २०१८ ला तेच झाले.

न्यायाधिकरणाचा दावा २० लाखांपासून, २०१८ पासून ही मर्यादा आहे. मोठ्या ट्रॉलरच्या कर्जात तिथला आदेश झाला तर अपील ३० दिवसांत अपिली न्यायाधिकरणात आणि ५० टक्के भरून. ते कमी करून २५ टक्क्यांपर्यंत आणता येतात, त्याखाली नाही.

---

मिरकरवाडा_जेट्टी

समजले. जिल्हा न्यायालयात हरलो तर पुढे मुंबई ना?

---

किरकोळ_अर्ज

आता मुंबई नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे आहेत. रायगडवाल्यांना मात्र मुंबईच. आंबा घाट चढलात की झाले. मुदत ९० दिवस. पण दुसरे अपील फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर, दिवाणी प्रक्रिया संहितेचे कलम १००. ‘पावती का वजा केली नाही’ ही वस्तुस्थिती तिथे पुन्हा तोलत नाहीत. म्हणून पावती, स्लिप, तक्ता, मार्चनंतरचा उतारा, जे काही आहे ते जिल्हा न्यायालयातच पुरे करा.

आणि मध्येच लोकअदालतीत बँक सूट देऊ करेल. आकडा बरा असेल तर जरूर घ्या, पण सही करण्याआधी तडजोडीत हप्त्यांच्या तारखा, एक हप्ता चुकला तर काय, बोटीवरचा बोजा किती दिवसांत उतरवायचा आणि जामीनदार कधी मोकळा, हे चारही लिहिलेले असू द्या. लोकअदालतीच्या निवाड्यावर अपील नाही. हप्त्यांच्या तारखा ठरवताना जून-जुलैचा हप्ता ठेवू नका.

---

मिरकरवाडा_जेट्टी

उद्या वकिलांकडे नक्कल, स्लिप आणि मंजुरीपत्र घेऊन जातो. बँकेला २५,००० चे पत्र आज दुपारी दिले, पोच घेतली. सनदी लेखापालाने उताऱ्याला चार दिवस मागितले आहेत.

---

खातेउतारा

उतारा त्याला पीडीएफ देऊ नका, बँकेकडून एक्सेल मागा, नाहीतर चारचे आठ दिवस होतील. आणि २०१६ पासूनचा पूर्ण मागा. दाव्याला जोडलेला उतारा पुष्कळदा ‘मागील बाकी’पासूनच सुरू होतो आणि चुकलेली पहिली नोंद त्या बाकीच्या आत दडलेली असते.